पंचांगाच्या चौकटीत रोज एक ओळ आकाशाची द्या

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या पेपरात रोज ती छोटी चौकट येते ना, शके अमुक, मास, पक्ष, तिथी, नक्षत्र, भारतीय सौर दिनांक, सूर्योदय-सूर्यास्त, त्या चौकटीबद्दल लिहितेय. मी रत्नागिरी जिल्ह्यातल्या एका मराठी शाळेत गणित शिकवायचे, आता रिटायर झालेय, आणि सकाळी चहा घेताना हेडलाइनच्या आधी माझी नजर त्या चौकटीवर जाते, ही सवय वडिलांपासूनची. माझी रिक्वेस्ट शेवटी लिहिते, आधी ती का सुचली ते सांगते, थोडं लांबेल पण कृपया पूर्ण वाचा.

दिवाळीच्या सुट्टीत भाचा आला होता, नववीत आहे. तो आणि त्याचे मित्र एक गेम खेळतात, त्यात प्रत्येकाने स्वतःचं एक कॅरॅक्टर बनवायचं असतं आणि त्याची जन्मापासूनची हिस्टरी लिहायची असते. याचं कॅरॅक्टर म्हणजे काळाच्या जादूचा एक म्हातारा पंडित. चांगली चार पानं लिहिली होती, त्याचा गुरू कोण, त्याने कुठल्या पडक्या देवळात बसून अभ्यास केला, दगडावर हात ठेवला की तो दगड कधी कोरला ते त्याला कसं कळायचं, आणि तो गेल्यावर त्याच्या वह्या कोणी जपल्या. मला म्हणाला, मावशी जरा शुद्धलेखन बघ. मी बघितलं, आणि त्या दगडाच्या वाक्यावर थांबलेच, कारण दगडावर हात ठेवून काळ सांगणारा माणूस खरोखर होऊन गेलाय, आमच्याच दापोली तालुक्यातल्या मुरुडचा, आणि भाच्याने त्याचं नाव कधी ऐकलेलं नव्हतं. नाव सांगितल्यावर त्याने मोबाइल काढला नाही, माझ्याकडेच बघत बसला, म्हणून मला बोलत राहावं लागलं आणि त्या रात्री जे बोलले तेच इथे लिहितेय.

शंकर बाळकृष्ण दीक्षित. जन्म १८५३, गेले १८९८ मधे. म्हणजे हिशोब करा, पंचेचाळीसही पूर्ण नाहीत. पेशाने मास्तर, शिक्षण खात्यातले, शेवटी पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात, म्हणजे मास्तरांना शिकवणारे मास्तर. (मुरुड म्हटलं की लोकांना जंजिऱ्याचं मुरुड आठवतं, हे ते नाही, हे हर्णैजवळचं, महर्षी कर्वे जिथे वाढले ते.) वेधशाळा नाही, कॅल्क्युलेटर नाही, शाळा सुटल्यावर पाटी किंवा कागद घेऊन गणित करत बसायचं. आणि त्या गणितातून काय निघालं ते बघा.

आज आपण शाळेत शिकवतो की गुप्तांचा काळ इसवी सनाचं चौथं-पाचवं-सहावं शतक. मुलं पाठ करतात, पेपरात लिहितात, दोन मार्क मिळतात. पण दीक्षितांच्या तरुणपणी हे नक्की नव्हतं हो. गुप्तांच्या लेखांत नुसते आकडे आहेत, संवत् १६५ वगैरे, पण तो संवत् सुरू कधी झाला? मोठमोठ्या युरोपीय पंडितांची तीन तीन मतं होती, कोणी म्हणे इसवी सन ७७-७८, कोणी १६६-६७, कोणी १९०-९१. अल्बेरुणी या परदेशी पंडिताने मात्र अकराव्या शतकात लिहून ठेवलं होतं की गुप्तांचा काळ शकानंतर २४१ वर्षांनी सुरू होतो, म्हणजे ३१९-२० च्या आसपास, पण त्याच्यावर सगळ्यांचा विश्वास बसत नव्हता. आता यात पहिल्या आणि शेवटच्या आकड्यात जवळजवळ अडीचशे वर्षांचा फरक आहे. समुद्रगुप्त, चंद्रगुप्त, तेव्हाची नाणी, देवळं, मूर्ती, सगळंच अडीचशे वर्षं इकडे की तिकडे, अशी अवस्था.

मध्य प्रदेशात सागर जिल्ह्यात बीना नदीच्या काठी एरण म्हणून गाव आहे. तिथे दगडाचा एक उंच स्तंभ उभा आहे, विष्णूचा ध्वजस्तंभ, मातृविष्णू आणि धन्यविष्णू या दोन भावांनी उभारलेला, बुधगुप्त राजाच्या काळात. त्याच्यावर तारीख कोरलीय, वर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी, सुरगुरूचा दिवस. सुरगुरू म्हणजे बृहस्पती, म्हणजे गुरुवार. बस, एवढंच. पण जो गणित जाणतो त्याला एवढं पुरतं, कारण तिथी आणि वार या दोन गोष्टी एकमेकींना बांधलेल्या नाहीत. वार सात दिवसांनी मुकाट फिरत राहतो, तिथी मात्र चंद्र-सूर्याच्या अंतरावर चालते, चंद्र सूर्याच्या बारा अंश पुढे गेला की एक तिथी, आणि चंद्र कधी भरभर कधी सावकाश जातो म्हणून एखादी तिथी वीस तासांत आटोपते तर एखादी सव्वीस तासांच्याही वर जाते. म्हणून आषाढ शुद्ध द्वादशी कुठल्या वर्षी कुठल्या वारी आली हे अंदाजाने सांगता येत नाही, ते काढावंच लागतं.

फ्लीट नावाचे इंग्रज अधिकारी गुप्तांच्या लेखांचा ग्रंथ करत होते, तो १८८८ मधे आला. त्यांनी हे गणित दीक्षितांकडे दिलं. दीक्षितांनी गुप्त संवताला ३१९-२० धरून एरणच्या त्या ओळीचं गणित केलं, अधिक महिने मोजले, तिथी किती वाजता संपते ते काढलं, आणि उत्तर आलं, २१ जून ४८४, वार गुरुवार. मी स्वतः शिक्षिका, म्हणून सांगते, उत्तर जुळल्यावर मुलाच्या चेहऱ्यावर जे येतं ते त्या रात्री त्या मास्तरांच्या चेहऱ्यावर आलं असेलच. चौदाशे वर्षांपूर्वी कोणीतरी पाथरवटाने छिन्नी मारून गुरुवार लिहिला आणि इकडे कागदावरही गुरुवारच निघाला.

आता कोणी म्हणेल वार सातच असतात, सातातला एक चान्स जुळायचाच. अगदी बरोबर, आणि हे त्यांनाही माहीत होतं, म्हणून एका दगडावर काम थांबलं नाही. गुजरातेत वेरावळला एक लेख आहे, सोमनाथाजवळ, होर्मुझच्या एका जहाजमालकाने बांधलेल्या मशिदीबद्दलचा, आणि त्याच्यावर एकाच दिवसाची वर्षं चार कालगणनांत दिलीत, हिजरी ६६२, विक्रम १३२०, वलभी ९४५, सिंह (हा गुजरातेतला स्थानिक संवत्) १५१, आणि पुढे आषाढ वद्य १३, रविवार. वलभी संवत् म्हणजे गुप्त संवताचाच पुढचा अवतार. गणित केलं की २५ मे १२६४ येतो, आणि तो रविवारच आहे. मला हा दगड फार आवडतो, एका दगडावर चार काळ शेजारी शेजारी बसलेत आणि कोणाचं कोणाशी भांडण नाही. शिवाय काही ताम्रपटांत वर्षाची नावं गुरूच्या बारा वर्षांच्या चक्रावरून दिलेली होती, महाचैत्र, महाआश्वयुज अशी, ती नावं कशी पडायची, गुरूचा उदय कुठल्या नक्षत्रात होतो त्यावरून, हा गुंताही दीक्षितांनीच सोडवून दाखवला. फ्लीटच्या ग्रंथात त्यांच्या नावाने ते छापलंय. अशा एकेक पुराव्यावर पाय देत ३१९-२० पक्कं झालं. नंतर कोणाला ते हलवता आलं नाही.

पुढे रॉबर्ट सिवेल म्हणून रिटायर्ड आयसीएस अधिकारी होते, त्यांच्याबरोबर दीक्षितांनी भारतीय कालगणनेवर इंग्रजी ग्रंथ केला, लंडनला १८९६ मधे छापला गेला, आणि त्यातल्या मुख्य कोष्टकात इसवी सन ३०० ते १९०० म्हणजे सोळाशे वर्षं आहेत, प्रत्येक वर्षाची एक ओळ, कुठला शक, कुठला संवत्सर, अधिक मास कुठला, चैत्र कधी सुरू. सोळाशे ओळी हाताने. ज्याला जुन्या कागदातली तिथी आजच्या तारखेत आणायचीय त्याला अजून या कोष्टकाचा आधार वाटतो. मुखपृष्ठावर सिवेलसाहेबांच्या हुद्द्याखाली दीक्षितांचं नाव आणि पत्ता काय, तर ट्रेनिंग कॉलेज, पूना. मला त्या दोन शब्दांचा फार अभिमान वाटतो, का ते कोणत्याही मास्तराला विचारा.

आणि त्याच १८९६ मधे त्यांचा मराठी ग्रंथ आला, भारतीय ज्योतिषशास्त्राचा इतिहास. ज्योतिष म्हणजे इथे भविष्य नाही, आकाशाचं गणित. वेदांपासून सुरू करून थेट त्यांच्या वेळच्या पंचांगांपर्यंत, कोण कोण ज्योतिषी होऊन गेले, कोणी कुठलं गणित कुठून घेतलं, कुठल्या प्रांतात कुठलं पंचांग चालतं, सगळं. आपल्या कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांबद्दल त्यात वाचावं, शके १४४२ मधे या माणसाने ग्रहलाघव रचला, ज्या-कोटीची (म्हणजे आपल्या साइन-कोसाइनची) कोष्टकं न वापरता ग्रह काढायची पद्धत, ४०१६ दिवसांचं एक चक्र धरून मोठे मोठे आकडे लहान केले, म्हणून गावोगावच्या जोशीबुवांना ते झेपलं आणि साडेतीनशे वर्षं महाराष्ट्रातली पंचांगं त्यावर चालली. दीक्षित त्यांचं कौतुक मनापासून करतात आणि जिथे गणित आता आकाशाशी जुळत नाही तिथे तेही सरळ सांगतात. हा ग्रंथ इंग्रजीत लिहिला असता तर जगभर गाजला असता असं मला पूर्वी वाटायचं, आता वाटत नाही. ज्यांच्या घरात पंचांग होतं त्यांच्या भाषेत त्यांनी लिहिलं, आणि ज्यांना पाहिजे होतं त्यांनी नंतर भाषांतरं केली, हिंदीत १९५७ मधे आलं, इंग्रजीत भारत सरकारने दोन भागांत, १९६९ आणि १९८१ मधे. पंचाऐंशी वर्षांनी पुरं झालं म्हणा.

आता ज्या गोष्टीमुळे हे पत्र लिहितेय ती. भाऊबीजेच्या रात्री जेवणं लवकर आटोपली, साडेआठच्या सुमाराला भाच्याला घेऊन गच्चीवर गेले. चंद्र केव्हाच मावळलेला, आमच्याकडे अजून आकाश बऱ्यापैकी काळं असतं, पूर्वेच्या डोंगरावर कृत्तिकांचा पुंजका नुकताच वर आला होता, द्राक्षाच्या लहान घडासारखा. मी म्हटलं, मोबाइलमधला कंपास लाव आणि सांग या कुठे आहेत. त्याने हात लांब करून मोबाइल धरला, पाण्याच्या टाकीपासून लांब गेला कारण लोखंडाजवळ काटा हलतो, आणि म्हणाला, मावशी, ६५ ते ७० च्या मधे येतंय. बरोबर पूर्व म्हणजे ९०. म्हणजे कृत्तिका पूर्वेला उगवत नाहीत, चांगल्या वीस-पंचवीस अंश उत्तरेकडे सरकून उगवतात.

शतपथ ब्राह्मण या वैदिक ग्रंथात मात्र म्हटलंय की बाकीची नक्षत्रं पूर्व दिशेवरून ढळतात, कृत्तिका ढळत नाहीत. हजारो वर्षं लोकांनी हे वाक्य म्हटलं, ऐकलं, पाठ केलं. दीक्षितांनी विचारलं, ढळत नाहीत म्हणजे काय, आज तर ढळलेल्या दिसतात, मग हे ज्याने लिहिलं त्याने कधी बघितलं असेल? पृथ्वीचा आस भोवऱ्यासारखा डुलतो, एका फेरीला सुमारे २६ हजार वर्षं, त्यामुळे वसंतसंपात, म्हणजे मार्चमधे दिवस-रात्र सारखे होतात तेव्हा सूर्य ताऱ्यांमधे जिथे असतो ती जागा, साधारण ७२ वर्षांत एक अंश मागे सरकतो आणि ताऱ्यांच्या उगवायच्या जागाही सावकाश बदलतात. मग उलट मोजत जायचं, कृत्तिका बरोबर पूर्वेला कधी उगवत होत्या. दीक्षितांचं उत्तर आलं इसवी सनापूर्वी सुमारे ३०००. यावर नंतर पुष्कळ वाद झाले, अजून आहेत, कोणी म्हणतात ते वाक्य इतकं काटेकोर धरू नये, कोणी म्हणतात ती आधीच्या काळची आठवण असेल, आणि मला स्वतःला वाटतं की एका वाक्यावर अख्ख्या ग्रंथाचा काळ ठरवणं जरा जास्तच होतं. पण प्रश्न विचारायची ती रीत बघा ना, पोथीतलं वाक्य घेऊन माणूस अंगणात गेला आणि वर बघितलं. भाचा कितीतरी वेळ हात तसाच धरून उभा होता, मग म्हणाला, म्हणजे आपण आत्ता जिथे बघतोय ती जागा पण बदलणार. हो बाबा, बदलणार.

याच सवयीने ते पंचांगाच्या वादात पडले. तेव्हा महाराष्ट्रात पंचांगावरून मोठी भांडणं होती, जुनं गणित आकाशाशी जुळत नाही हे गणिताचे प्राध्यापक केरूनाना छत्र्यांनी दाखवलं होतंच, ग्रहणाच्या वेळा चुकायच्या. दीक्षित, विसाजी रघुनाथ लेले आणि जनार्दन बाळाजी मोडक हे सायन पंचांगाच्या बाजूचे, म्हणजे वर्ष ऋतूंना धरून चालावं असं म्हणणारे. साधी गोष्ट घ्या. उत्तरायण सुरू होतं २१-२२ डिसेंबरला, तुमच्या चौकटीतला सूर्य तेव्हा उत्तरेकडे वळतो. आपण तिळगूळ वाटतो १४-१५ जानेवारीला. मधले चोवीस दिवस कुठून आले? ते त्या भोवऱ्याच्या डुलण्यातून आले, सुमारे सतराशे वर्षांत एक एक दिवस करत साठले, आणि पुढेही साठत राहणार. लोकांनी तेव्हा सायन पंचांग स्वीकारलं नाही, सण म्हणजे आजोबा-पणजोबांनी केला त्या दिवशीच करायचा असतो ही भावना मी समजू शकते, माझ्या घरीही संक्रांत १४ लाच असते. पण स्वतंत्र भारताच्या सरकारने १९५२ मधे शास्त्रज्ञ मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली कॅलेंडर कमिटी नेमली, आणि तिच्या शिफारशीवरून २२ मार्च १९५७ म्हणजे १ चैत्र १८७९ पासून राष्ट्रीय कॅलेंडर सुरू झालं, ते सायन वर्षावर आहे, वसंतसंपाताच्या दुसऱ्या दिवसापासून. दीक्षित जाऊन साठ वर्षं होत आली होती. त्या कमिटीतले एक सदस्य रा. वि. वैद्य, दीक्षितांच्या ग्रंथाचं इंग्रजी भाषांतर नंतर त्यांनीच केलं. तुमच्या चौकटीत भारतीय सौर म्हणून जो आकडा रोज छापता तो इथून आलाय.

तर आता रिक्वेस्ट. त्या चौकटीतलं सगळं तुम्ही छापता पण त्यातलं कुठलंच वाचकाला वर बघायला लावत नाही. नक्षत्र रोहिणी असं छापलं की वाचक ते वाचून डायरेक्ट राशिभविष्याकडे जातो. रोहिणी म्हणजे आज चंद्र एका लालसर ताऱ्याच्या बाजूला आहे हे त्याला कोणी सांगितलेलंच नाही. माझ्या शाळेतल्या मुलांना विचारायचे, अमावस्या-पौर्णिमा सगळ्यांना पाठ, पण शुद्ध अष्टमीला सूर्य मावळताना चंद्र कुठे असतो हे चाळीसातल्या दोघांना यायचं, आणि ते दोघे मच्छीमारांचे, त्यांना भरती-ओहोटीसाठी तिथी लागते. एकदा मी वर्गाला महिनाभर रोज संध्याकाळी चंद्राची जागा वहीत काढायला सांगितली तर पालकांची तक्रार आली की सिलॅबसमधे नसलेलं करून घेतात, ते मला बंद करावं लागलं. त्याचं दुःख अजून आहे, कारण सतरा दिवस झाले होते आणि मुलांना कळायला लागलं होतं की चंद्र रोज पन्नासेक मिनिटं उशिरा येतो, कोणी सांगायच्या आधी त्यांचं त्यांना.

म्हणून फक्त एक ओळ वाढवा. जागा जात असेल तर राहुकाळ लहान टाइपात घ्या, पण ही ओळ द्या. आज शुद्ध अष्टमी, अंधार पडताना अर्धा चंद्र डोक्यावर. आज कार्तिक पौर्णिमा, सूर्य मावळला की पूर्वेला चंद्र बघा, जवळ पुसटसा पुंजका दिसतो त्या कृत्तिका, त्यांच्यावरून महिन्याचं नाव कार्तिक. आज २२ डिसेंबर, सूर्य आज सगळ्यात दक्षिणेला मावळतो, खिडकीच्या गजावर खूण करून ठेवा आणि संक्रांतीला परत बघा. अधिक महिना आला की एकदा लिहा की चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं असतं, सूर्याच्या वर्षापेक्षा अकरा दिवसांनी कमी, ते भरून काढायला हा महिना आलाय. हे लिहायला तज्ज्ञ लागत नाही, कोणी तयार नसेल तर मी लिहून देते, वर्षाच्या ३६५ ओळी, मानधन नको. आणि ओळीच्या सुरुवातीला कधीमधी, रोज नको, शंकर बाळकृष्ण दीक्षित हे नाव येऊ द्या.

भाचा परत जाताना त्याची चार पानं घेऊन गेला. त्या पंडिताचं गाव त्याने बदललंय, आता तो समुद्राकाठच्या एका गावात मास्तर आहे आणि दिवसा मुलांना शिकवतो. जादू तशीच ठेवलीय. मी ती बदलायला सांगितली नाही. एरणच्या स्तंभाचा फोटो मात्र त्याने मागितलाय, त्यावरची अक्षरं कशी दिसतात ते त्याला बघायचंय, तुमच्या संग्रहात असा फोटो असेल तर एखाद्या रविवारी छापा, मी कात्रण काढून त्याला पाठवीन.

आपली नियमित वाचक,
एक निवृत्त गणित शिक्षिका
रत्नागिरी जिल्हा